हत्तीच्या पट्टीतलं प्यादं

सांगलीतल्या त्या मंगल कार्यालयाच्या दारात टेबल मांडलं होतं, टेबलावर बुद्धिबळ स्पर्धेच्या अर्जांचा गठ्ठा होता, आणि अर्जातला सातवा रकाना सुभेदार जोतिबा गोरडाच्या डोक्यात गेला होता. प्रशिक्षकाचे नाव. दर स्पर्धेला हेच. नाव, गाव, जन्मतारीख इथवर ठीक आहे, पण सत्तरी ओलांडलेल्या माणसाला प्रशिक्षक कोण म्हणून काय विचारता? त्यानं नेहमीसारखी तिथं आडवी रेघ मारली आणि ती इतकी दाबून मारली की पेनाचं टोक कागदातून पार गेलं.

“सावकाश, सुभेदार. अर्जानं काय घोडं मारलंय तुमचं?” टेबलामागून चिंतामण लिमये म्हणाले. लिमयेसर म्हणजे स्पर्धेचे मुख्य पंच. तीस वर्षं शाळेत गणित शिकवलेला माणूस, आवाज कधी चढायचा नाही, आणि तेच जोतिबाला सोसायचं नाही.

“ह्यो रकाना काडून टाका की. म्हाताऱ्यास्नी तरी सूट द्या.”

“तो अर्ज वरून आलेला आहे. माझ्या हातात नाही.”

“तुमच्या हातात कवा काय असतंय?” जोतिबा म्हणाला आणि पिशवी उचलून आत गेला.

नऊ वर्षं हा माणूस एकाच गोष्टीच्या मागं लागला होता. जागतिक बुद्धिबळ संघटनेची एक यादी असते. जगज्जेत्यापासून शाळेतल्या पोरापर्यंत ज्याला म्हणून रेटिंग, म्हणजे खेळाच्या ताकदीचा आकडा आहे, त्याचं नाव त्या यादीत. दर महिन्याला यादी निघते. जोतिबाला त्या यादीत नाव पाहिजे होतं. अगदी तळाला असलं तरी चालेल, पण त्याच यादीत. घरी त्याची एक जाड वही होती, तिच्यात कात्रणं चिकटवलेली. अठ्ठ्याऐंशी साली आनंद देशाचा पहिला ग्रँडमास्टर झाला ते कात्रण पिवळं पडलेलं. गुकेश अठराव्या वर्षी जगज्जेता झाला ते कात्रण. नागपूरची दिव्या देशमुख महिलांचा विश्वचषक घेऊन आली ते. आणि सगळ्यात पुढं, पहिल्या पानावर, मीर सुलतान खान. पंजाबातला गरीब माणूस, देशी नियमांवर वाढलेला, शंभर वर्षांपूर्वी विलायतेत गेला आणि तीनदा ब्रिटनचा विजेता झाला. हे पान जोतिबा कुणाला दाखवायचा नाही. का दाखवायचा नाही, ते पुढं येईल.

यादीत नाव यायचा हिशेब मात्र भलता किचकट. रेटिंग असलेल्या खेळाडूंशी पाच डाव व्हायला पाहिजेत, त्यात बऱ्यापैकी गुण पाहिजेत, आणि सगळं गणित करून येणारं रेटिंग चौदाशेच्या वर जायला पाहिजे. बरं, सव्वीस महिन्यांच्या आत. त्याच्या आधीचे डाव गळून जातात. म्हणजे साताऱ्यात एक जिंकावा, फलटणला एक बरोबरीत सोडवावा, आणि तिसरा मिळेस्तोवर पहिला शिळा होऊन फेकला जावा. जोतिबाच्या मते हा नियम ज्यानं काढला त्याला दुसरा काही कामधंदा नव्हता.

आणि समोर बसायला कोण? पोरं. आठ वर्षांची, नऊ वर्षांची, पाय जमिनीला टेकत नाहीत अशी. ती चार सेकंदात खेळी करतात आणि हॉलभर हिंडून येतात. हरायला लागली की टचकन रडतात, आणि रडणाऱ्या पोरापुढं जिंकणं ही शिक्षाच. जिंकली की बाहेर उभ्या आईकडं धावतात आणि आई त्यांच्या तोंडात भिजवलेले बदाम घालते. जोतिबा हरला की त्याच्या तोंडात कुणी काही घालत नव्हतं. उलट शेवटी बक्षीस समारंभात त्याला ज्येष्ठ खेळाडू म्हणून शाल मिळायची. किती गुण केलेत ह्याच्याशी शालीचा काही संबंध नाही, म्हातारे आहात ना, मग घ्या शाल. अशा अकरा शाली झाल्या होत्या. त्याच्या बायकोनं, चंद्राबाईनं, त्यातल्या चार बाजरीच्या पोत्यांवर टाकल्या होत्या.

“आनि एक शाल घिऊन यिऊ नगासा,” निघताना ती म्हणाली होती. “पोती संपली.”

ह्या वेळी मात्र गणित जमत आलं होतं. रविवारी दुपारी शेवटच्या फेरीआधी लिमयेसरांनी त्याला बाजूला घेतलं. हातात कागद होता, कागदावर बारीक अक्षरात बेरजा.

“सुभेदार, तुमचे चार डाव धरलेत. हा पाचवा. जिंकलात तर चौदाशेच्या वर जाता, नाव येतं.”

“आनि बरुबरी झाली तर?”

“थोडक्यात राहतं. आणि तुमचा साताऱ्याचा डाव ह्या महिन्याअखेरीस गळतोय. म्हणजे पुन्हा...”

“पयल्यापास्नं. कळलं.” जोतिबानं कागद परत दिला. “समोर कोन हाय?”

“ऋचा. आपल्या सांगलीचीच. नऊ वर्षांची.”

जोतिबानं वर छताकडं बघितलं. तिथं लग्नातल्या झालरी अजून तशाच लोंबत होत्या.

आता ह्या माणसाचं आयुष्य सांगायचं तर चाळीस वर्षं मागं जावं लागतं, आणि चाळीस वर्षं मागं जायला जोतिबा कधी तयार नसायचा. कुणी विचारलं की बुद्धिबळ कुठं शिकलात, तर तो छाती काढून सांगायचा, “आर्मीत.” सांगलीतल्या लोकांना ते खरं वाटायचं. ते खरं नव्हतं.

दहिवडीच्या पलीकडं माणदेशात त्याचं गाव. पाऊस पडला तर पडला. घरात मेंढरं. आणि घरात बापाची बहीण, राहीआत्ती. सासरहून विशीत परत आली ती परत गेली नाही. का आली हे कुणी विचारलं नाही, तिनंही सांगितलं नाही. ती मेंढरं घेऊन माळावर जायची आणि सात वर्षांचा जोतिबा तिच्या मागं. माळावर एक सपाट खडक होता. आत्ती त्यावर कोळशानं चौसष्ट घरं आखायची. पांढरे खडे एकीकडं, काळे खडे दुसरीकडं. उभा लांबट खडा राजा, बोरीची बी घोडा, शिंपला हत्ती. तिच्या बापाकडून ती हा डाव शिकली होती आणि चार गावांत तिला हरवणारा कुणी नव्हता. म्हणजे असंल तर असंल. बाईमाणसाशी डाव मांडायला कुणी पुढं आलंच नाही, मग हरवणार कोण?

तिचे नियम देशी. प्यादं समोरच्या शेवटच्या घरात पोचलं की आपल्या मनानं वजीर होत नाही. ज्या मोहऱ्याच्या पट्टीतून चालत गेलं तोच मोहरा होतं. हत्तीच्या पट्टीतलं प्यादं हत्ती होणार, उंटाच्या पट्टीतलं उंट. “ज्याच्या दारातनं निघालं त्याचंच नाव लावतंय ते,” आत्ती सांगायची. आणि दुसरा नियम तिला फार प्यारा होता. समोरच्या राजाला नुसतं कोंडून ठेवायचं नाही. शह नाही आणि हलायला घरही नाही असं केलं तर ती खेळीच धरायची नाही, मागं घ्यायला लावायची. “मारायचं तर मार, पर आदी त्याला हलाया घर दे,” म्हणायची. सात वर्षांच्या पोराला ह्यातलं काय कळणार? पण हात शिकला. हाताला कळत होतं.

एकोणिसाव्या वर्षी जोतिबा भरती झाला. तिथं एका मल्याळी हवालदारानं त्याला बाहेरच्या जगाचे नियम शिकवले आणि पोरगं सुटलंच. युनिटमध्ये पहिला, मग ब्रिगेडमध्ये. शहाऐंशी साली ब्रिगेडच्या अंतिम डावात समोर एक कॅप्टनसाहेब होते आणि आजूबाजूला दीडशे जवान. जोतिबाकडं एक प्यादं जास्त होतं. ते प्यादं उंटाच्या पट्टीतून चालत चालत शेवटच्या घरात गेलं. वजीर ठेवला की संपलं. आणि ह्या शहाण्यानं तिथं उंट ठेवला. डोक्यानं नव्हे, हातानं ठेवला. नुसत्या एका उंटानं मात होत नसते. डाव बरोबरीत गेला आणि आधीच्या गुणांवर करंडक कॅप्टनसाहेबांचा झाला.

आधी कुणाला कळेना, मग सगळे हसले. साहेबांनीच विचारलं, “अरे गोरड, किसने सिखाया तुझे ये?”

“किसीने नहीं, साब,” जोतिबा म्हणाला.

इथवर असतं तर कुणाच्याही हातून होतं तसलं म्हणून सोडून दिलं असतं. पण पुढच्या महिन्यात तो सुट्टीवर आला. आत्तीनं त्याच्यासाठी खडे धुवून ठेवले होते. तिनं खडकावर घरं आखली आणि हा तिच्या अंगावर ओरडला. तुझ्यामुळं माझी शोभा झाली, तुझा डाव गावठी, तुझे नियम खोटे, मला अडाण्यागत शिकवलंस. असलं आणि ह्याच्याहून वाईट. आत्तीनं खडे लुगड्याच्या ओट्यात भरले आणि मेंढरांकडं गेली. त्यानंतर तिनं कधी घरं आखली नाहीत. तीन वर्षांनी ती गेली तेव्हा जोतिबा सिक्कीममध्ये होता, तार पोचली तोवर दहावा झाला होता.

हे त्यानं चंद्राबाईलाही कधी सांगितलं नाही. आणि म्हणून सुलतान खानाचं पान तो कुणाला दाखवायचा नाही. त्या माणसानं देशी डाव शिकून विलायत जिंकली, मग ह्याच्या आत्तीचा दोष तो काय होता?

तर त्या दिवसापासून जोतिबानं स्वतःला कवायत लावली. प्यादं शेवटच्या घरात गेलं की वजीर. पट्टी कुठलीही असो, वजीर. झोपेत उठवून विचारलं तरी वजीर. चाळीस वर्षं घोटून घोटून त्यानं हाताची जुनी खोड मोडली. ह्या एका गोष्टीचा त्याला अभिमान होता.

ऋचा आली ती पाण्याची बाटली, खाऊचा डबा आणि एक छोटं कापडी कासव घेऊन. कासव तिनं घड्याळाशेजारी ठेवलं. जोतिबानं लिमयेसरांकडं बघितलं.

“हे चालतंय का?”

“चालतं, सुभेदार. ते काही सांगत नाही तिला.”

डाव सुरू झाला. पोरगी तयारीची होती, पहिल्या बारा खेळ्या धडाधड करून मोकळी झाली आणि मग पाय हलवत बसली. टेबल हलायला लागलं. जोतिबा पांढऱ्या बाजूनं खेळत होता. त्यानं तिला दोनदा सांगितलं, बाळ, पाय. तिनं दोनदा सॉरी म्हटलं आणि तिसऱ्यांदा हलवले. वरून एसीचा वारा नेमका त्याच्या टकलावर. मागं कुणाचा तरी मोबाइल वाजला आणि लिमयेसर त्या माणसाला जितक्या गोड आवाजात बाहेर घेऊन गेले तितक्या गोड आवाजात जावयाला कुणी जेवायला बोलवत नाही. जोतिबानं दात खाल्ले आणि पटाकडं बघितलं.

पण खेळला मात्र भारी. तिसाव्या खेळीला त्यानं तिचं एक प्यादं खाल्लं. मग घोडे गेले, हत्ती गेले, सगळा पट मोकळा झाला. तिसरा तास लागला तेव्हा पटावर फक्त चार सोंगट्या उरल्या होत्या. त्याचा राजा आणि उजव्या कडेच्या हत्तीच्या पट्टीत पळत सुटलेलं एक प्यादं. तिचा राजा डाव्या कडेला, कोपऱ्याच्या एक घर अलीकडं, आणि त्या राजाच्या पाठीशी तिचंच एक प्यादं, जे राजा वाटेत बसल्यामुळं पुढं सरकू शकत नव्हतं. जोतिबाचा राजा बाजूला दार अडवून उभा. तिच्या राजाला हलायला एकच घर होतं, कोपऱ्यातलं.

ऋचाचे डोळे भरले होते. ती कासवाकडं बघत होती.

आता जोतिबाची खेळी. प्यादं शेवटच्या घरात ढकलायचं, त्याच्या जागी मोहरा ठेवायचा, बस. नऊ वर्षं संपली. चौदाशे. त्यानं प्यादं उचलून बाजूला ठेवलं आणि त्याच्या हातानं शेजारच्या खाल्लेल्या सोंगट्यांतला हत्ती उचलला.

हत्ती त्या घराच्या वर बोटभर अंतरावर होता तेव्हा जोतिबाला दिसलं की हातात हत्ती आहे. त्याच्या कानशिलात गरम झालं. दीडशे जवान हसले. किसने सिखाया तुझे ये. अरे गाढवा, चाळीस वर्षं गेली आणि परत तेच? त्यानं स्वतःला मनातल्या मनात आईवरून शिवी दिली. नियम असा की मोहरा घराला टेकेपर्यंत बदलता येतो. टेकला नव्हता. त्यानं हत्ती बाजूला ठेवला, वजीर घेतला, तो त्या घरात रोवल्यासारखा ठेवला आणि घड्याळ दाबलं.

मग टेकून बसला. पोरीनं हात पुढं करायची तो वाट बघू लागला.

पोरगी हात पुढं करेना. तिनं पटावर बोट न टेकवता एकेक घर मोजलं. कोपऱ्यातलं घर. तिथं वजिराची तिरकी रेघ सगळा पट कापून आली होती. बाजूची तीन घरं, ती जोतिबाच्या राजानं धरलेली. मागं तिचंच प्यादं, आणि प्यादं राजाखाली अडकलेलं. राजाला शह नव्हता. आणि हलायला एकही घर नव्हतं.

“आजोबा,” ती हळूच म्हणाली, “स्टेलमेट आहे.”

जोतिबानं बघितलं. परत बघितलं. मग लिमयेसर आले, त्यांनी बघितलं आणि घड्याळ थांबवलं. बरोबरी. अर्धा गुण.

हत्ती ठेवला असता तर कोपरा मोकळा राहिला असता, हत्ती तिरका बघत नाही. तिच्या राजाला एक घर मिळालं असतं, तो कोपऱ्यात गेला असता, आणि मग शाळेतल्या पोरानंही डाव जिंकून दाखवला असता. आत्तीच्या नियमानं हत्तीच ठेवायचा होता. आत्तीच्या नियमानं राजाला घर द्यायचं होतं. हाताला ते अजून माहीत होतं. ह्यानंच हाताला आवरलं.

जोतिबाला इतका संताप आला की तो आला कुणाचा हेच त्याला कळेना. पोरीचा नव्हे. लिमयेसरांचा नव्हे. पाय हलवण्याचा, एसीचा, बदामांचा, कशाचाच नव्हे. आयुष्यात पहिल्यांदा ओरडायला समोर कुणी नव्हतं.

ऋचा सोंगट्या जागेवर लावत होती. रडू थांबलं होतं. तिनं मगाचा तोच हत्ती उचलला आणि विचारलं, “आजोबा, तुम्ही हा घेतला होता ना आधी? मला वाटलं, हरले मी. मग परत का ठेवलात?”

“चुकून घेतला हुता.”

“पण तो बरोबर होता,” ती म्हणाली. नऊ वर्षांच्या पोरी असल्या गोष्टी तोंडावर सांगतात, कुणी त्यांना आवरत नाही. “तुम्हाला कोणी शिकवलं होतं तसं?”

तसं कुणी शिकवलं, हा प्रश्न चाळीस वर्षांत दुसऱ्यांदा आला. पोरगी उत्तराची वाट बघत उभी राहिली, आई दारातून हाका मारत होती तरी.

“माझ्या आत्तीनं,” तो म्हणाला.

“त्या खूप भारी खेळायच्या का?”

“लय,” जोतिबा म्हणाला. “लय भारी खेळायची.”

ती कासव घेऊन पळाली.

बक्षीस समारंभाला तो थांबला नाही. शाल घ्यायची नव्हती. विट्यावरून दहिवडीकडं जाणारी एसटी धरायची म्हणून तो पिशवी घेऊन दाराशी आला तर टेबलावर लिमयेसर तसेच बसलेले, समोर तो बेरजांचा कागद.

“सुभेदार, फार थोडक्यात गेलं हो,” ते म्हणाले. “कराडला पुढच्या महिन्यात स्पर्धा आहे. पण आता सगळं पहिल्यापासून, आणि तुमचं वय... म्हणजे माझा आग्रह नाही.”

“अर्ज आना.”

लिमयेसरांनी अर्ज दिला. जोतिबानं उभ्याउभ्याच भरला. नाव, गाव, जन्मतारीख. सातव्या रकान्याशी पेन थांबलं. लिमयेसरांनी सवयीनं कागदाखाली पुठ्ठा सरकवला, फाटू नये म्हणून. पण जोतिबानं रेघ मारली नाही. त्यानं सावकाश, शाळेतल्यासारखं एकेक अक्षर काढत लिहिलं. राहीबाई गोरड.

लिमयेसरांनी चष्मा वर केला. “ह्या कोण? कुठल्या अकॅडमीच्या?”

“मेंढरामागच्या.”

“बरं,” लिमयेसर म्हणाले. ते जास्त विचारणारे नव्हते. पण अर्ज तो अर्जच, त्यांनी पुढच्या रकान्यावर बोट ठेवलं. “इथं प्रशिक्षकांचा मोबाइल नंबर लागतो, सुभेदार. निरोप द्यायचा असला तर.”

“निरोप तर मलाच द्याचाय,” जोतिबा म्हणाला. “चाळीस वरसं झाली.”

आणि तो रकाना रिकामा ठेवून त्यानं अर्ज परत दिला.